टॅक-आर, १.४५, डीसीओ : आजोबांचं लॉगबुक कसं वाचायचं

तुमचा प्रश्न इतरांसाठी थोडक्यात मांडतो. आजोबा १९४२ ते १९४६ हवाई दलात वैमानिक होते. गेल्या दिवाळीत तासगावच्या घरी माळ्यावरची ट्रंक उघडली आणि निळ्या कापडी पुठ्ठ्याचं त्यांचं लॉगबुक, म्हणजे उड्डाणांची नोंदवही, हाती लागलं. आधी टायगर मॉथ, मग हार्वर्ड ही शिकाऊ विमानं, मग हरिकेन हे लढाऊ विमान. हरिकेनच्या पानांवर जवळजवळ प्रत्येक ओळीत 'टॅक-आर' लिहिलंय आणि शत्रूचं एकही विमान पाडल्याची नोंद नाही. नात्यातले एक गृहस्थ म्हणाले, "म्हणजे ते फायटर पायलट नव्हतेच, नुसते टेहळणीवर होते." शिवाय युद्धानंतर आजोबा गावी आले, मळा केला आणि शेवटपर्यंत विमानाचं नाव काढलं नाही. तर ते खरंच लढले का, आणि लढले असतील तर गप्प का राहिले?

मी १९७९ साली कमिशन घेतलं, मिग-२१ उडवलं, आणि नोकरीतला मोठा काळ मुलांना उडायला शिकवण्यात गेला. शत्रूवर गोळी झाडायची वेळ माझ्यावर आली नाही, हे आधीच सांगतो. पण लॉगबुक लिहिणं आणि तपासून सही करणं हे माझं रोजचं काम होतं. निवृत्तीनंतर बऱ्याच घरांतली महायुद्धाच्या काळातली लॉगबुकं वाचून दिली. त्या अनुभवावर हे उत्तर आहे. तुमच्या आजोबांबद्दल मी फक्त तुम्ही पाठवलेल्या पानांपुरतं बोलू शकतो.

पहिल्या प्रश्नाचं उत्तर सरळ आहे. ते फायटर पायलट होते आणि लढले. "किती विमानं पाडली" हे माप मात्र त्यांना लावता येत नाही, कारण त्यांना ते कामच दिलेलं नव्हतं. बर्माच्या आघाडीवर भारतीय स्क्वाड्रन्सकडे (हवाई दलाच्या तुकड्यांकडे) मुख्यतः लष्कराला मदत करण्याचं काम होतं. टॅक-आर म्हणजे टॅक्टिकल रेकनेसन्स : झाडांच्या शेंड्यांवरून जाऊन शत्रू कुठे आहे, कुठून निघाला, पूल शाबूत आहे की तुटला, हे डोळ्यांनी बघून आणि कॅमेऱ्यात टिपून परत यायचं. संपूर्ण महायुद्धात भारतीय स्क्वाड्रनच्या नावावर हवेत पाडलेलं खात्रीचं शत्रूविमान एकच धरलं जातं. ६ नंबरच्या स्क्वाड्रनमधल्या जगदीशचंद्र वर्मांनी फेब्रुवारी १९४४ मध्ये पाडलेलं जपानी 'ऑस्कर' लढाऊ विमान. ते टॅक-आर करणाऱ्या स्क्वाड्रनचेच वैमानिक होते. त्या स्क्वाड्रनचे प्रमुख मेहरसिंग यांना डीएसओ हे मोठं ब्रिटिश युद्धपदक मिळालं. भारतीय हवाई दलात तो सन्मान मिळालेले ते एकटेच, आणि तो मिळाला या असल्याच कामासाठी.

आता 'नुसती टेहळणी' म्हणजे काय, ते तुमच्याच पानावर बघू. डावीकडे तारीख, विमानाचा प्रकार आणि नंबर. त्यापुढे 'पायलट' या रकान्यात 'सेल्फ'. त्यापुढचा दुसऱ्या माणसाचा रकाना कोरा, कारण हरिकेनमध्ये दुसरी बैठकच नसते. मग 'ड्यूटी' : टॅक-आर, तिद्दिम रोड. त्यापुढे एका फ्लाइंग ऑफिसरचं नाव आणि कंसात 'डब्ल्यू'. शेवटी 'डीसीओ', म्हणजे ड्यूटी कॅरीड आउट, काम झालं. उजव्या पानावर वेळ : १.४५. एक तास पंचेचाळीस मिनिटं.

तो 'डब्ल्यू' फार महत्त्वाचा आहे. टॅक-आरला विमानं जोडीनं जायची. पुढचा लीडर. त्याची नजर खाली : वाकलेलं गवत, चिखलात उमटलेली ताजी वाट, नको त्या जागी निघालेला धूर, दुपारपर्यंत सुकलेल्या तोडलेल्या फांद्या. जपानी तुकड्या दिवसा दडायच्या आणि रात्री चालायच्या, त्यामुळे दिसायचं ते माणूस नव्हे, माणूस गेल्याची खूण. ती शोधायला खाली आणि सावकाश उडावं लागतं. खाली आणि सावकाश उडणारं विमान बंदुकीच्याही टप्प्यात येतं. अशा वेळी लीडरला मागे-वर बघायला सवड नसते. ते काम दुसऱ्याचं. तो मागे राहून नागमोडी उडत आकाश राखायचा, म्हणून त्याला 'वीव्हर', म्हणजे विणकर, म्हणायचे. आपला धोटा कसा ये-जा करतो, तसाच तो लीडरच्या शेपटीमागे या बाजूनं त्या बाजूला जायचा. लीडरचा जीव त्याच्या नजरेवर असायचा. तुमच्या आजोबांचा लीडर असण्याचा क्रमांक एप्रिलमध्ये लागलेला दिसतो. मार्चच्या पानावर ते स्वतः वीव्हर आहेत.

हरिकेनचं मर्लिन इंजिन पाण्यानं आणि ग्लायकॉलनं थंड व्हायचं. रेडिएटर पोटाखाली. त्यात एक साधी रायफलची गोळी घुसली तरी शीतक वाहून जायचं आणि काही मिनिटांत इंजिन अडकायचं. खाली जंगल, उंची दोन-तीनशे फूट, म्हणजे पॅराशूट उघडायलाही जागा नाही. अशी उड्डाणं माणूस दिवसात एकदा, कधी दोनदा करतो आणि संध्याकाळी वहीत तीन अक्षरं लिहितो : डीसीओ. हवेत विमान पाडणाऱ्याला निदान समोर कोण आहे ते दिसतं. यांना गोळी कुठून आली ते उतरल्यावर मेकॅनिकनं भोक दाखवलं की कळायचं.

पावसाळा तर शत्रूपेक्षा वाईट. १० ऑगस्ट १९४४ ला ब्रिटिशांच्या ६१५ स्क्वाड्रनची १६ स्पिटफायर विमानं पालेलहून कलकत्त्याकडे निघाली होती. वाटेत मॉन्सूनच्या ढगात शिरली आणि त्यातली ८ गेली, चार वैमानिक मेले. एकही गोळी न चालता. तुमच्या जूनच्या पानावर तीन ठिकाणी 'डीएनसीओ – वेदर' आहे. काम झालं नाही, हवामान. त्या तीन ओळींकडे अपयश म्हणून बघू नका. ढग बघून माघारी वळायला मोठी अक्कल लागते. मी शिकवलेल्या पोरांमध्ये ती सगळ्यात उशिरा यायची.

थोडं मागे जाऊन प्रशिक्षणाबद्दल, कारण तुम्ही विचारलंय की तासगावचा मुलगा वर्ष-दीड वर्षात हरिकेनमध्ये कसा बसला. त्या काळची वाट साधारण अशी होती. लाहोरजवळ वॉल्टनला प्राथमिक शिक्षण : कवायत, मोर्स, नकाशा, हवामान. मग बेगमपेठ किंवा जोधपूरला टायगर मॉथ. तुमच्या पानावर जोधपूर आहे. मग अंबाल्याला हार्वर्ड. शेवटी रिसालपूरला हरिकेन. टायगर मॉथ म्हणजे कापडानं मढवलेलं, उघड्या कॉकपिटचं दुपंखी विमान. तुमच्या आजोबांचा पहिला सोलो, म्हणजे एकट्यानं केलेलं उड्डाण, ९ तास ४० मिनिटांच्या शिकवणीनंतर आहे, त्याखाली त्यांनी पट्टीनं रेघ मारलीय. ती रेघ मी बहुतेक सगळ्या लॉगबुकांत बघितली आहे. माझ्यातही आहे.

मला शिक्षक म्हणून अचंबा वाटतो तो हार्वर्डवरून हरिकेनवर जाण्याचा. मी मिग-२१ वर गेलो तेव्हा आधी दोन बैठकांच्या मिगमध्ये मागे शिक्षक घेऊन उडालो. चुकलो तर त्याचा हात स्टिकवर (विमान वळवायच्या दांड्यावर) येणार, ही खात्री होती. यांना ती सोय नव्हती. शिक्षक पंखावर उभा राहून कॉकपिटमध्ये वाकायचा आणि समजावून सांगायचा. मग डोळ्यांवर पट्टी बांधून प्रत्येक कळ-खटका हातानं चाचपून दाखवायचा. एवढं झालं की शिक्षक खाली उतरायचा आणि विमान तुमचं. म्हणून हरिकेनच्या अगदी पहिल्या ओळीतसुद्धा 'सेल्फ'च लिहिलेलं असतं.

त्यात हरिकेनची एक खोड होती. चाकं आणि फ्लॅप (पंखांच्या मागच्या हलत्या पट्ट्या) यांचा दांडा उजव्या हाताला. उड्डाण करताना उजवा हात स्टिकवर, डावा थ्रॉटलवर, म्हणजे इंजिनाची ताकद कमी-जास्त करायच्या दांड्यावर. जमीन सुटली की डावा हात थ्रॉटलवरून काढून स्टिक धरायची, उजव्या हातानं खाली दांडा ओढून चाकं आत घ्यायची, मग पुन्हा हात बदलायचे. हे सगळं जमिनीपासून पन्नास फुटांवर, आयुष्यात पहिल्यांदा एवढ्या ताकदीच्या इंजिनामागे बसलेलं असताना. नवख्याचं विमान त्या क्षणी हमखास नाक खाली-वर करायचं आणि बघणाऱ्यांना लांबूनच कळायचं की हा आज पहिल्यांदा निघाला. शिवाय लांबलचक नाकामुळे जमिनीवर समोरचं काहीच दिसत नाही. डावीकडे-उजवीकडे वळणं घेत, बाजूनं बघत धावपट्टीपर्यंत जावं लागतं. तुमच्या आजोबांनी ही पायरी बावीस वर्षांच्या आत ओलांडली. लॉगबुकात त्याची नोंद 'हरिकेन, सेल्फ, फर्स्ट सोलो ऑन टाइप, ०.४०' एवढीच आहे.

आता तुमचा अवघड प्रश्न. मेच्या मधल्या आठवड्यानंतर त्या वीव्हरचं नाव पानावरून नाहीसं होतं. त्यानंतर अकरा दिवस कोरे. मग 'एअर टेस्ट, ०.२५', म्हणजे विमान तपासण्याचं छोटं उड्डाण. तुम्ही लिहिलंय, "मित्र गेला म्हणून आजोबा कोसळले असतील का?"

ते माहीत नाही, आणि नुसत्या लॉगबुकवरून ते ठरवू नये. अकरा दिवसांच्या रिकाम्या जागेला दहा कारणं असू शकतात. मलेरिया, आमांश, विमानं दुरुस्तीला, सुट्टी, सलग पाऊस. माझ्या स्वतःच्या लॉगबुकात १९८६ च्या ऑगस्टमध्ये तेवीस दिवसांची रिकामी जागा आहे. मला कावीळ झाली होती. आणि माझा कोर्समेट अपघातात गेला, त्याच्या दुसऱ्या दिवशी सकाळी साडेसातला मी उडालो होतो. ती ओळ बाकीच्या ओळींसारखीच आहे. तेच अक्षर, तीच शाई. मी सोडून कुणालाही त्या ओळीत काही दिसणार नाही. म्हणून घरच्यांना मी नेहमी सांगतो, दुःख रिकाम्या जागेत शोधू नका. असलंच तर भरलेल्या ओळीतही असतं.

त्या वीव्हरचं काय झालं, हे मात्र शोधता येतं. दोन ठिकाणी बघा. राष्ट्रकुल युद्धसमाधी आयोगाच्या यादीत त्याचं नाव तपासा. ज्या वैमानिकांचा देह सापडला नाही, त्यांची नावं सिंगापूरच्या क्रांजी इथल्या स्मारकावर कोरलेली आहेत, त्यात भारतीय हवाई दलाचीही आहेत. दुसरं, ब्रिटनच्या क्यू इथल्या राष्ट्रीय अभिलेखागारात 'एअर २७' या मालिकेत स्क्वाड्रनच्या दैनंदिन नोंदी आहेत, भारतीय स्क्वाड्रन्सच्याही. त्यात फॉर्म ५४१ वर त्या दिवशी कोण कुणाबरोबर उडालं, किती वाजता निघालं, किती वाजता उतरलं, हे सापडतं. उतरण्याची वेळ कोरी असेल तर उत्तर तिथेच मिळालं. त्याची बदली झाली असण्याचीही तेवढीच शक्यता आहे, तेव्हा आधीच मनाची तयारी एकाच बाजूनं करू नका.

इथवर दोन गोष्टी झाल्या : आजोबा लढले, आणि त्यांच्या लढण्याची खूण 'टॅक-आर' आणि 'डीसीओ' या अक्षरांतच आहे. राहिला त्यांच्या गप्प बसण्याचा प्रश्न. त्यावर मला जरा सविस्तर बोलायचंय.

हल्ली असा माणूस दिसला की लगेच 'युद्धाचा मानसिक आघात' म्हणतात. असेलही. पण त्या पिढीच्या आपल्याकडच्या वैमानिकांच्या घरांत मला वेगळं काही वारंवार आढळलं, आणि ते समजून घ्यायला १९४४ चं इंफाळ आणि १९४६ चं महाराष्ट्र एकत्र डोळ्यांसमोर आणावं लागतं.

तुमच्या पानांवरची तिद्दिम रोड, काबॉ खोरं, उख्रुल ही सगळी नावं जपान्यांनी इंफाळला घातलेल्या वेढ्याची आहेत. अर्जनसिंग यांच्या नेतृत्वाखाली १ नंबरचं स्क्वाड्रन तेव्हा इंफाळहून उडत होतं. मार्चपासून इंफाळकडे येणारा रस्ता तुटलेला, २२ जून १९४४ ला कोहिमाकडून आलेल्या फौजा भेटल्या तेव्हा सुटला. अर्जनसिंगांना डीएफसी हे वैमानिकांचं शौर्यपदक त्याच जूनमध्ये माउंटबॅटननी इंफाळमध्येच लावलं. ही एक बाजू. दुसरी बाजू अशी की जपान्यांबरोबर त्याच डोंगरांत आझाद हिंद सेना होती. १४ एप्रिल १९४४ ला इंफाळपासून थोड्याच अंतरावर मोइरांगला तिचा झेंडा फडकला. तुमच्या आजोबांची त्याच आठवड्यात चार उड्डाणं आहेत.

आता हा पंचविशीच्या आतला मुलगा १९४६ साली घरी येतो. नोव्हेंबर १९४५ मध्ये लाल किल्ल्यात आझाद हिंद सेनेच्या अधिकाऱ्यांवर खटला सुरू झालेला आहे, गावागावांत त्यांच्यासाठी सभा होताहेत. फेब्रुवारी १९४६ मध्ये मुंबईत नौसैनिकांनी उठाव केलाय. आणि तुमचं घर सातारा-सांगली भागातलं, जिथे १९४३ पासून क्रांतिसिंह नाना पाटलांचं प्रतिसरकार उभं होतं. शेजारच्या घरातला कुणी भूमिगत होता, कुणी तुरुंगात जाऊन आला. अशा गावात पारावर बसून हा काय सांगणार? मी इंग्रजांच्या गणवेशात बर्मा स्टार हे पदक कमावलं? त्यानं कुणाशी गद्दारी केली नव्हती. जपानी सैन्य देशाच्या सीमेत घुसलं होतं आणि त्याला अडवणाऱ्यांमध्ये तो होता. पण हे समजून घेणारा श्रोता त्या वर्षी त्या गावात नव्हता. पाच-दहा वर्षांनी श्रोता तयार झाला असेल, तोवर गप्प राहायची सवय लागलेली असते. मी ज्या घरांत गेलो त्यातल्या अनेक घरांत पदकं ट्रंकेतच होती, आणि ती ट्रंकेत जायचं साल विचारलं की १९४६-४७ च निघायचं.

आणखी एक साधं कारण. भाषा. त्यांचं उडणं पूर्ण इंग्रजीत झालं. मला स्वतःला मिगचं लँडिंग माझ्या आईला मराठीत कधीच नीट सांगता आलं नाही. ती विचारायची, "भीती वाटते का रे?" आणि मी "नाही" म्हणायचो, कारण खरं उत्तर सांगायला अर्धा तास आणि एक कॉकपिट लागलं असतं.

हवाई दल त्यांनी सोडलं की दलानं त्यांना सोडलं, हे कागद बघून ठरेल. युद्धकाळात घेतलेल्या बहुतेकांचं कमिशन तात्पुरतं होतं आणि युद्ध संपताच पुष्कळांना घरी पाठवलं. काही खासगी विमान कंपन्यांत डाकोटा ही वाहतुकीची विमानं उडवायला गेले. काही दलातच राहिले आणि वर चढले. आपल्या मुंबईचे हृषीकेश मुळगावकर त्याच पिढीतले. काश्मीरच्या लढाईत महावीर चक्र मिळवलं आणि १९७६ ते १९७८ हवाई दलाचे प्रमुख होते. काहींची वाट तर फाळणीनं तोडली. बर्मात ९ नंबरच्या स्क्वाड्रनमध्ये असलेले असगर खान पुढे पाकिस्तानी हवाई दलाचे प्रमुख झाले. १९६५ च्या एप्रिलमध्ये कच्छच्या रणात चकमकी सुरू झाल्या तेव्हा त्यांनी अर्जनसिंगांना सरळ फोन केला आणि दोघांची विमानं यातून बाहेर ठेवू या असं सुचवलं. एकाच शाळेत शिकलेल्या माणसांनाच असा फोन करता येतो. सप्टेंबरमध्ये युद्ध पेटलं, तोवर असगर खान पदावरून गेलेले होते.

आणि काही जण तुमच्या आजोबांसारखे घरी आले, विहीर खणली, मळा केला. तुम्ही लिहिलंय की म्हातारपणी त्यांना एका कानानं कमी ऐकू यायचं आणि घरच्यांना वाटायचं ते मुद्दाम दुर्लक्ष करतात. मर्लिन इंजिनामागे शेकडो तास बसलेल्या माणसाचे बारीक, उंच आवाज आधी जातात. बायका-मुलांचे आवाज त्यातच येतात. ही गोष्ट तुमच्या आईला नक्की सांगा.

आता हे करा. पानांना सेलोटेप लावू नका, लॅमिनेशन तर अजिबात नको. दिवसाउजेडी, फ्लॅश न वापरता प्रत्येक डावं-उजवं पान एकत्र येईल असा फोटो काढा. लाल शाईच्या ओळी वेगळ्या नोंदवा. काही स्क्वाड्रन्समध्ये मोहिमेची उड्डाणं लाल शाईनं लिहीत, रात्रीची उड्डाणंही लालच, त्यामुळे दोन्ही तपासून घ्या. शिक्क्यांकडे लक्ष द्या. भारतीय हवाई दलाच्या नावाला 'रॉयल' हा शब्द मार्च १९४५ मध्ये लागला, त्यावरून सुटा कागद आधीचा की नंतरचा ते कळतं. महिनाअखेरीच्या बेरजेखाली फ्लाइट कमांडर आणि स्क्वाड्रन प्रमुख यांच्या सह्या असतात, त्यावरून स्क्वाड्रन पक्कं होईल. मी वर १ नंबर धरलंय ते ठिकाणांवरून, सही बघितल्याशिवाय ते पक्कं म्हणणार नाही.

आणि मागच्या पुठ्ठ्याला आतून एक छोटा छापील कागद चिकटवलेला आहे, तुमच्या चौथ्या फोटोत त्याचा कोपरा दिसतोय. बदली होताना वैमानिकाची पारख त्यावर लिहितात : 'ॲव्हरेज', 'अबव्ह द ॲव्हरेज', क्वचित 'एक्सेप्शनल', आणि खाली प्रमुखाची सही. तो कागद न उचकटता, वरून उजेड पाडून त्याचा फोटो पाठवा.